सातकर्णीचं दुसरं पत्र

गुढीपाडवा जवळ आला की एक मेसेज हमखास फिरायला लागतो. कुंभाराच्या घरी वाढलेल्या शालिवाहनानं मातीचे सैनिक बनवले, त्यांच्यात प्राण फुंकला, शकांना हरवलं आणि तेव्हापासून शालिवाहन शक सुरू झाला. गोष्ट झकास आहे, लहानपणी आपण सगळ्यांनीच ऐकलीय. पण या मातीच्या सैन्याच्या गर्दीत एक हाडामांसाचा राजा हरवतो. त्यानं शकांना खरोखर हरवलं होतं, आणि त्याचे हुकूम आजही नाशिकच्या डोंगरावर दगडात कोरलेले आहेत. गौतमीपुत्र सातकर्णी.

आधी त्या शकाचं बघू. इ.स. ७८ पासून मोजली जाणारी ही कालगणना सुरुवातीला वापरली ती उज्जैन-गुजरातकडच्या शक क्षत्रपांनी. ‘शालिवाहन’ हे नाव तिला कित्येक शतकांनी चिकटलं. १९५७ साली भारत सरकारनं ती राष्ट्रीय दिनदर्शिकेसाठी घेतली. गौतमीपुत्रानं स्वतः ती वापरली नाही. त्याच्या लेखांत त्याच्याच राज्याची वर्षं आहेत, १८ वं आणि २४ वं. आजची पोस्ट या दोन वर्षांबद्दल आहे. या दोन वर्षांतल्या दोन सरकारी पत्रांवरून राज्य कसं उभं राहतं हे जितकं कळतं, तितकं दहा लढायांच्या वर्णनांतून कळत नाही.

पार्श्वभूमी थोडक्यात सांगतो. सातवाहनांचं राज्य गौतमीपुत्रानं शून्यातून उभं केलेलं नाही. त्याच्या कितीतरी पिढ्या आधी कान्ह म्हणजे कृष्ण राजाच्या महामात्रानं नाशिकला एक लेणं खोदवलं होतं. जुन्नरवरून कोकणात उतरणाऱ्या नाणेघाटात नागनिका राणीचा मोठा लेख आहे. कोणकोणते यज्ञ केले, किती गाई, किती हत्ती, किती कार्षापण दक्षिणा दिली, याची तिथं यादीच आहे. एवढा पैसा यायचा कुठून? त्याचं उत्तर घाटातच आहे. बंदरावर उतरलेला माल देशावर चढवायचा तर घाट चढावाच लागतो, आणि घाट ज्याच्या हातात त्याच्या हातात जकात. नाणेघाटात जाऊन आलेल्यांनी तिथला दगडी रांजण पाहिला असेल. तो जकातीचा, असं लोक सांगत आलेत.

पुढे हेच घाट सातवाहनांच्या हातातून गेले. गुजरातकडून क्षहरात घराण्याचे शक क्षत्रप खाली सरकले. नहपान हा त्यांच्यातला सगळ्यात बलवान. नाशिक, जुन्नर, कार्ले, तिन्ही ठिकाणी त्याच्या माणसांचे लेख सापडतात. म्हणजे सह्याद्रीचे मोक्याचे रस्ते आणि खालची कोकणपट्टी त्याच्याकडे. त्याच सुमारास एका ग्रीक खलाशानं ‘पेरिप्लस’ नावाचं समुद्री व्यापाराचं टिपण लिहिलं. त्यात कल्याण बंदराची तक्रार आहे. पूर्वी कल्याणला व्यापार रीतसर चाले, पण सत्ता बदलली आणि आता तिथं चुकून एखादं ग्रीक जहाज लागलं तर ते पहाऱ्यात भडोचला नेतात, असं तो म्हणतो. भडोच नहपानाकडे होतं. पैठण आणि तेरचा माल बैलगाड्यांनी भडोचकडे जात होता. पैठणपासून २० दिवसांचा रस्ता. माल आपल्या मुलखातला आणि बंदराची कमाई दुसऱ्याची, असा तो मामला होता.

इथं एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. नहपानाची राजवट म्हणजे नुसती लूटमार, असं चित्र रंगवणं सोपं आहे, पण पुरावा तसं म्हणत नाही. त्याचा जावई उषवदात नाशिक भागात कारभार बघायचा. पांडवलेण्यातल्या १० नंबरच्या लेण्यात त्याचे लेख आहेत, ते वाचून थक्क व्हायला होतं. तापी, दमण, डहाणूची नदी अशा नद्यांवर त्यानं फुकट होड्या ठेवल्या. भडोच, दशपूर, गोवर्धन आणि सोपाऱ्याला धर्मशाळा बांधल्या. गोवर्धन म्हणजे आपल्या नाशिकजवळचं गोवर्धनच, तेव्हा ते या भागाचं मुख्य ठाणं होतं. तिथल्या विणकरांच्या श्रेणींकडे त्यानं ३,००० कार्षापणांची कायम ठेव ठेवली. २,००० एका श्रेणीकडे दरमहा शेकडा १ व्याजानं, १,००० दुसरीकडे दरमहा शेकडा पाऊण व्याजानं. मुद्दल काढायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. २,००० वर महिन्याला २० म्हणजे वर्षाला २४०, त्यातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या २० भिक्षूंना प्रत्येकी १२ कार्षापण चीवरासाठी. हिशोब चोख जमतो! हा व्यवहार निगमसभेत जाहीर झाला आणि दफ्तरात नोंदला गेला, हेही लेखात आहे. जवळपास दोन हजार वर्षांपूर्वीची ही मुदतठेव.

म्हणजे गौतमीपुत्राला ज्याच्याशी लढायचं होतं तो शत्रू नुसत्या तलवारीचा धनी नव्हता. लोकांना होडी, धर्मशाळा, व्याज आणि दान देणारी एक बसलेली व्यवस्था त्याच्यामागे होती. भिक्षू, विणकर, व्यापारी असे बरेच लोक त्या व्यवस्थेवर पोसले जात होते. नवा राजा आला तर आपलं काय होणार, ही धास्ती त्यांना वाटली असणारच.

मग लढाई झाली. तिचं वर्णन एकाही लेखात नाही. तिच्या पाठोपाठ काय झालं ते मात्र दगडावर आहे.

राज्याचं १८ वं वर्ष, पावसाळ्याचा दुसरा पंधरवडा. राजा अजून सेनेच्या विजयी तळावरच आहे. तिथूनच तो गोवर्धनच्या अमात्य विष्णुपालिताला हुकूम पाठवतो. पश्चिम कखडी गावात आजपर्यंत उषवदाताकडे असलेलं २०० निवर्तनांचं शेत (निवर्तन हे तेव्हाचं जमिनीचं माप) आता त्रिरश्मी डोंगरावरच्या भिक्षूंना दिलं आहे. ‘आजपर्यंत उषवदाताकडे असलेलं’ हे शब्द बघा. जमीन हातात येऊन फार दिवस झालेले दिसत नाहीत, आणि पहिलं दानपत्र निघतंय. त्या शेताला काय काय माफ, तेही लिहिलंय. सरकारी माणसानं त्यात शिरायचं नाही, कुणी हात लावायचा नाही, मिठासाठी खणायचं नाही, जिल्ह्याच्या अंमलदारानं ढवळाढवळ करायची नाही. म्हणजे एरवी शेतकऱ्याच्या वावरात काय काय चालायचं, त्याचीही यादी आपसूक मिळाली. हुकूम तोंडी दिला, अमात्य शिवगुप्तानं तो लिहून घेतला, असा सगळा कागदोपत्री माग शेवटी आहे.

तिकडे कार्ल्याला त्याच वर्षाचा असाच एक हुकूम आहे. मामालच्या, म्हणजे आपल्या मावळच्या अमात्याला. तिथल्या भिक्षूंना करजिक गाव द्यायचं. हेच गाव आधी उषवदातानं त्यांना दिलं होतं. शत्रूनं दिलेलं दान नव्या राजानं आपल्या नावानं पुन्हा दिलं. कुणाचं काही काढून घेतलं नाही, नावापुढचं नाव बदललं.

नाण्यांचंही तेच केलं. १९०६ साली सिन्नर तालुक्यातल्या जोगलटेंभीला, गोदावरी आणि दारणेच्या संगमाजवळ, चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला. १३,२५० च्या आसपास नाणी, सगळी मुळात नहपानाची. एका बाजूला त्याचा चेहरा, भोवती ग्रीक अक्षरं, दुसऱ्या बाजूला ब्राह्मी आणि खरोष्ठी. यातल्या ९,२७० च्या आसपास नाण्यांवर गौतमीपुत्रानं आपला ठसा पुन्हा मारलाय, एकीकडे कमानींचा डोंगर आणि स्वतःचं नाव, दुसरीकडे उज्जैन चिन्ह. काही नाण्यांवर नव्या ठशाखालून जुन्या राजाचं नाक-डोळे अजून डोकावतात. नाणी वितळवून नवी पाडता आली असती. पण भडोच-सोपाऱ्याच्या बाजारात व्यापारी ज्या वजनाची, ज्या चांदीची नाणी घेत होते तीच चालू ठेवली आणि वर फक्त मालक बदलल्याची मोहोर उठवली. बाजार एक दिवसही बंद पडू द्यायचा नाही, हा त्यातला हिशोब दिसतो. रातोरात नोटा बाद झाल्यावर बँकांपुढे लागलेल्या रांगा आपण पाहिल्यात, त्यामुळे या हिशोबाची किंमत आपल्याला वेगळी सांगायला नको.

इथपर्यंत चित्र एखाद्या हुशार विजेत्याचं आहे. असे विजेते इतिहासात आणखीही सापडतील. मला हा राजा मोठा वाटतो तो सहा वर्षांनंतरच्या दुसऱ्या पत्रामुळे.

राज्याचं २४ वं वर्ष. गोवर्धनला आता श्यामक नावाचा अमात्य आहे. पत्र राजाच्या आणि राजमातेच्या अशा दोघांच्या नावानं निघालंय. सुरुवातीला अमात्याची खुशाली, मग मुद्दा. मुद्दा असा: आम्ही पूर्वी कखडी गावात भिक्षूंना शेत दिलं होतं, पण ते शेत कुणी कसत नाही आणि ते गाव वसलेलं नाही. तेव्हा आता शहराच्या सीमेवर आमच्या मालकीचं जे राजशेत आहे, त्यातली १०० निवर्तनं त्यांना द्या. माफ्या आधीच्याच, शब्दशः. हा मजकूर लोटा नावाच्या प्रतिहाररक्षीनं, म्हणजे राजद्वाराच्या रक्षिकेनं लिहून घेतला.

एवढंच पत्र. पण त्यामागची साखळी बघा. भिक्षूंना जमीन मिळाली, ती कसायला माणूसच नाही. का नसेल, याचा अंदाज करता येतो. वर्षानुवर्षं दोन सत्तांच्या मधे सापडलेला मुलूख, सैन्यं येणार-जाणार, कुणबी गाव सोडून गेलेला. शिलालेखात ‘विजयी तळ’ असतो तेव्हा त्याच्या बाजूला अशी ओस पडलेली गावंही असतात, आणि इथं ती खुद्द राजाच्या पत्रात नोंदली गेलीत. मग ही तक्रार कुणीतरी वर पोचवली. ती वाटेत कुठं अडकली नाही. राजानं आपला आधीचा हुकूम निकामी ठरला हे मान्य केलं. बदली जमीन दिली ती स्वतःच्या शेतातली, शहरालगतची, म्हणजे कसदार आणि कसायला माणसं मिळतील अशी. क्षेत्र निम्मं झालं, पण ओसाड २०० पेक्षा पिकती १०० कधीही बरी, हे कुठलाही शेतकरी सांगेल. आणि हे सगळं गुपचूप मिटवलं नाही. पहिलं पत्र जिथं कोरलं होतं त्याच लेण्यात, त्याच्या खालोखाल, दुसरं कोरलं. येणारा-जाणारा दोन्ही वाचू शकत होता.

आता आपल्याकडे या. धरणात जमीन गेली त्यांना पर्यायी जमीन द्यायची असते. सातबाऱ्यावर नाव चढतं, फोटो निघतो, आणि प्रत्यक्ष जागेवर जाऊन बघावं तर खडक, नाहीतर पाणी नाही, नाहीतर त्या जमिनीवर आधीच कुणीतरी बसलेला. कोयनेच्या धरणग्रस्तांच्या पुढच्या पिढ्या अजून आंदोलनं करतायत. ‘जमीन दिली’ ही नोंद आणि ‘जमीन पिकते’ ही गोष्ट यांच्यातलं अंतर मोजायची पद्धत आपल्याकडे कितीशी आहे? सातकर्णीच्या गोवर्धनला ते अंतर सहा वर्षांत मोजलं गेलं आणि भरूनही काढलं गेलं. हां, ते भिक्षू होते, राजाच्या मर्जीतले. गाव सोडून गेलेल्या त्या कुणब्यांचं काय झालं, यावर एकाही दगडावर ओळ नाही. हेही लक्षात ठेवूनच हे पत्र वाचायला हवं.

राजाची जी प्रसिद्ध वर्णनं आपण ऐकतो ती पुढच्या लेखातली. तो लेख त्याच्या मागे, मुलगा पुळुमावी राज्यावर असताना १९ व्या वर्षी, आई गौतमी बलश्रीनं कोरवला. ३ नंबरचं लेणं तिनं भदायनीय भिक्षूंना दिलं आणि त्या निमित्तानं गेलेल्या मुलाची आठवण लिहिली. क्षहरात वंशाचा निःपात करणारा, सातवाहन कुळाचं यश पुन्हा उभं करणारा, ज्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचं पाणी प्यालं असा. मुलखांची यादीही आहे. असिक, अश्मक, मूलक, सौराष्ट्र, अपरान्त, विदर्भ, अवंती वगैरे. आज आपण हेच शब्द उचलून पोस्टर करतो. पण त्याच लेखात आई आणखी काय म्हणते ते पोस्टरवर येत नाही. तो कर न्यायानं घ्यायचा आणि न्यायानं खर्च करायचा. प्रजेचं सुख ते त्याचं सुख, प्रजेचं दुःख ते त्याचं दुःख. अपराध केलेल्या शत्रूचाही जीव घ्यायला त्याला आवडत नसे. आईचा शब्द मोडत नसे. आईनं केलेलं कौतुक आहे, थोडं हातचं राखून घ्या. पण करांबद्दल कौतुक करावंसं त्या माऊलीला वाटलं, हेच मला विशेष वाटतं.

जातीवरून भांडणाऱ्यांसाठीही या लेखात सामान आहे. त्याला ‘एकब्राह्मण’ म्हटलंय, क्षत्रियांचा गर्व उतरवणारा म्हटलंय. मग एक गट त्याला इकडे ओढतो, दुसरा तिकडे. पण हे शब्द कोरलेत बौद्ध भिक्षूंना दिलेल्या लेण्यात, आणि त्याच्या दोन्ही पत्रांतली जमीनही भिक्षूंनाच. त्याला कुठल्याही एका रांगेत उभं करायला गेलात की दगडच आडवा येतो. भाषेचंही तसंच. २०१७ साली त्याच्यावर मोठा तेलुगू सिनेमा आला तेव्हा तो आमचा की तुमचा यावर बरीच खडाजंगी झाली. त्याचे हुकूम नाशिक-कार्ल्याला आहेत, त्याच्या मुलाच्या काळात सत्ता आंध्रात पसरली, आणि त्याची राजभाषा प्राकृत. वारसा दोघांचाही आहे, भांडायला जागा कमी आहे.

आणि नाव? गौतमीपुत्र. आईच्या नावानं ओळखला जाणारा राजा. त्याचा मुलगा वासिष्ठीपुत्र. २०२४ साली महाराष्ट्र सरकारनं सरकारी कागदपत्रांवर आईचं नाव सक्तीचं केलं तेव्हा काहींना ते फार नवीन वाटलं. नाशिकच्या दगडाला ते जुनंच आहे.

शेवटचं एक वळण, जे पाडव्याच्या मेसेजमध्ये कधीच नसतं. शकांचा नाश झाला, गोष्ट संपली, असं झालं नाही. कार्दमक नावाचं दुसरं शक घराणं उज्जैनला उभं राहिलं. त्यांच्यातल्या रुद्रदामनानं इ.स. १५० च्या जुनागढच्या लेखात अभिमानानं लिहिलंय की दक्षिणापथाचा स्वामी सातकर्णी याला दोनदा हरवला, पण जवळचं नातं म्हणून मुळासकट उखडला नाही. ते नातं कुठलं? कान्हेरीच्या एका लेखात वासिष्ठीपुत्र सातकर्णीची राणी कार्दमक वंशातली, महाक्षत्रपाची मुलगी असल्याचं कोरलंय. ज्या राजाला शकांचा संहारक म्हटलं, त्याच्याच घरात शकांची लेक सून म्हणून आली. सौराष्ट्र, माळवा गेले. पण घाट राहिले, पैठण राहिलं, आणि सातवाहनांचं राज्य तिसऱ्या शतकापर्यंत टिकलं. तलवारीनं मिळवलेला मुलूख एका पिढीत गेला. अमात्य, श्रेणी, दानपत्रं आणि नाणी यांच्यावर उभं राहिलेलं मात्र टिकलं.

मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ ला अभिजात दर्जा मिळाला. भाषेचं वय सांगताना आपण याच प्राकृत शिलालेखांकडे बोट दाखवलं. पण पांडवलेण्यावर गेलेल्या किती जणांनी ३ नंबरच्या ओसरीत मान वर करून ती अक्षरं पाहिली असतील? खाली भिंतींवर बदाम आणि नावं कोरलेली दिसतात, वर ब्राह्मी. महामार्गालगत, शहराच्या अंगावर असलेली ही जागा, आणि तिथं काय लिहिलंय हे शाळेच्या सहलीतल्या पोरांना कुणी सांगत नाही.

पुढच्या वेळी जाल तेव्हा आधी १० नंबरला जा, उषवदाताच्या ठेवीचा हिशोब बघा. मग तसेच चालत ३ नंबरला या. दोन्ही लेण्यांची ठेवण किती सारखी आहे ते लक्षात येईल, कारण जिंकणाऱ्यानं हरलेल्याचा आराखडाच पुढे चालवलाय. तिथं ओसरीच्या भिंतीवर, छताला लागून, दोन पत्रं एकाखाली एक आहेत. मुलांना दुसरं आधी दाखवा. त्यांना सांगा, हा राजा तळावरून दिलेलं आपलंच पत्र सहा वर्षांनी पुन्हा वाचायला बसला होता.